शेवटची दोन शून्यं: डी३५.०० च्या फेरतपासणीच्या नोंदी

२ सप्टेंबर २०२४, सोमवार

आज अमेरिकेत लेबर डे. आम्ही मेडिकल कोडर: तिकडच्या रुग्णांचे चार्ट, म्हणजे दवाखान्यातल्या नोंदी, वाचून बिलासाठी निदानाचे कोड लावतो. क्लायंटकडून नवं काम नाही, ऐरोलीचा आमचा फ्लोअर अर्धा रिकामा. टीएलने (टीम लीडने) तेवढ्यात मला केबिनमध्ये बोलावून एक एक्सेल उघडून दाखवली. क्लायंटच्या ऑडिटमध्ये आमच्या टीमवर शेरा आलाय: ॲड्रिनलच्या सौम्य गाठींच्या चार्टमध्ये डी३५.०० फार दिसतो. इतक्या लोकांची गाठ कोणत्या बाजूला आहे हेच तुम्हाला ठाऊक नाही का, असा साधा सवाल. सवाल रास्त आहे.

आमच्या धंद्यात नसलेल्यांसाठी एवढंच: ॲड्रिनल म्हणजे दोन्ही मूत्रपिंडांच्या डोक्यावर बसलेल्या छोट्या ग्रंथी, एकेकीचं वजन जेमतेम चार-पाच ग्रॅम. तिथली सौम्य गाठ अमेरिकेच्या आयसीडी-१०-सीएम या निदान-कोडांच्या यादीत डी३५.० खाली जाते. त्यापुढे आणखी एक आकडा लागतो. १ म्हणजे उजवी, २ म्हणजे डावी, ० म्हणजे बाजू सांगितलेली नाही. दोन्हीकडे असेल तर त्यासाठी वेगळा कोड नाही, डी३५.०१ आणि डी३५.०२ असे दोन्ही लावायचे. २०१५ च्या ऑक्टोबरपर्यंत तिकडे आयसीडी-९ होतं, त्यात सगळ्यांना मिळून एकच २२७.०. तेव्हा डावं-उजवं विचारायची गरजच नव्हती.

३१२ चार्ट आहेत. काम तिघींनी करायचं: मी, बीएचएमएस झालेली स., आणि दोन वर्षांपूर्वीच्या बॅचमधली प्र. मुदत १० ऑक्टोबर. रोजचं प्रॉडक्शन सांभाळून, हे टीएलने दोनदा सांगितलं.

फ्लोअरवर कागद-पेन चालत नाही, मोबाइल लॉकरमध्ये. त्यामुळे या नोंदी मी घरी येऊन आठवून लिहिते. रुग्णाचं नाव, वय, तारीख, गाव यातलं काहीही इथे येणार नाही.

४ सप्टेंबर, बुधवार

मला वाटलं होतं काम सोपं आहे: चार्ट उघडायचा, बाजू शोधायची, शून्याच्या जागी एक किंवा दोन टाकायचा, पुढे. पहिल्या साठ चार्टनंतर तसं वाटत नाहीये.

प्र.ने एक चांगली गोष्ट सुचवली. कोड बाजूला ठेवून आधी डॉक्टरने नेमका कोणता शब्द लिहिलाय तेवढाच एका कॉलममध्ये उतरवायचा. उतरवला. अडेनोमा, म्हणजे ग्रंथीची सौम्य गाठ, आहे, पण त्याहून जास्त वेळा नोड्यूल आहे. मास आहे, लीजन आहे, इन्सिडेंटलोमा आहे, नुसतं ट्यूमर आहे, एका ठिकाणी तर ‘डाव्या ॲड्रिनलमध्ये फुलनेस’ आहे. आणि या सगळ्यांना आम्ही डी३५.०० लावलाय. फुलनेसलासुद्धा.

म्हणजे शेवटचं शून्य ही नंतरची भानगड. आधीचे चार आकडेच बरोबर आहेत का, हा खरा प्रश्न.

पुस्तकात डी४९ च्या माथ्यावर एक टीप आहे. नव्या बॅचला मी ती मोठ्याने वाचायला लावते: ‘मास’ हा शब्द, वेगळं काही सांगितलं नसेल तर, निओप्लाझम, म्हणजे पेशींची नवी वाढ, समजायचा नाही. इंडेक्समध्ये, म्हणजे पुस्तकातल्या शब्दसूचीत, मास शोधला की तो त्या अवयवाच्या ‘डिसीज’कडे पाठवतो, आणि ॲड्रिनलच्या बाबतीत आपण ई२७.८ वर, म्हणजे ॲड्रिनलच्या ‘इतर विकारां’वर, येतो. नोड्यूल आणि लीजनही क्लायंटच्या सूचनेप्रमाणे तिथेच. नुसतं ‘ट्यूमर’ लिहिलं असेल, सौम्य की घातक काहीच नाही, तर डी४९.७. आणि डी४४.१ हा ‘अनसर्टन’चा कोड आपल्याला नक्की ठाऊक नाही म्हणून लावायचा नसतो. तो पॅथॉलॉजिस्टसाठी आहे, ज्याने पेशी बघूनही सौम्य-घातक ठरवता येत नाही असं लिहिलंय. इथे घोळ करणारे कोडर मी मोजून दमले.

मग हे सगळं ठाऊक असूनही इतक्या चार्टवर डी३५.०० आला कुठून? टीममध्ये एकजण चुकला असता तर समजण्यासारखं होतं. इथे चार वेगवेगळ्या बॅचचे लोक आहेत.

६ सप्टेंबर, शुक्रवार

उद्या गणपती. पॅन्ट्रीत उकडीला पाणी किती घालायचं यावर चर्चासत्र चालू असताना माझं आणि स.चं वाजलं.

चार्ट असा. बाहेरून सीटी करून गेलेला रुग्ण. रिपोर्टमध्ये डाव्या ॲड्रिनलला १.६ सेंटिमीटरची नोड्यूल, घनता ८ हाउन्सफील्ड युनिट (एचयू, सीटीवर घनता मोजायचं एकक). संपलं. स.ने डी३५.०२ लावला.

मी विचारलं, अडेनोमा कुठे लिहिलाय?

“अगं, आठ एचयू आहे. प्लेन सीटीवर दहा किंवा खाली म्हणजे चरबीयुक्त अडेनोमा. वर चार सेंटिमीटरच्या आत. दुसरं काय असणार?”

दवाखान्यात बसली असती तर तिचं म्हणणं बरोबर होतं. दहाचा आकडा खरा आहे, चार सेंटिमीटरचाही. पण त्या रेडिओलॉजिस्टने आठ लिहून पुढे अडेनोमा लिहिलेलं नाही. का नाही, ते त्याला ठाऊक. कदाचित जुना स्कॅन हाती नसेल, कदाचित घाईत असेल. तो शब्द आपण त्याच्या तोंडी घालायचा नाही.

स. म्हणाली, “म्हणजे मला येतं ते मी विसरायचं.”

मी म्हटलं, विसरू नकोस, डॉक्टरला विचारायची क्वेरी लिहायला वापर. तिला ते पटलं नाही, आणि खरं सांगायचं तर तिचा राग मला कळतो. साडेपाच वर्षं शिकून मग इंडेक्स काय म्हणतो ते बघायचं.

पुढच्याच चार्टने आणखी तेल ओतलं. तिथे ‘अडेनोमाशी सुसंगत’ असं लिहिलेलं. ओपीडीत असले शब्द, म्हणजे शक्यता, संशय, सुसंगत, ‘रूल आउट’, निदान म्हणून कोड करायचे नाहीत. जे नक्की आहे तेच करायचं, म्हणजे नोड्यूल. तोच माणूस ॲडमिट असता आणि डिस्चार्जच्या वेळी डॉक्टरने तेच शब्द लिहिले असते, तर निदान पक्कं असल्यासारखं कोड केलं असतं. माणूस तोच, गाठ तीच, वाक्य तेच. फरक फक्त रात्री खाटेवर कोण झोपलं याचा. स. म्हणाली, “हे कोणी ठरवलं?” मी म्हटलं, उकडीचं बघ, पाणी उकळतंय.

१३ सप्टेंबर, शुक्रवार

काल गौरी-गणपती गेले. आज दुपारच्या शिफ्टला ठाण्याच्या दहा नंबरवरून गाडी पकडली तर डब्यात अर्ध्या बायकांच्या हातांवरची मेंदी अजून लालच.

आज कारण सापडलं, आणि सापडलं नसतं तर बरं झालं असतं असं दोन मिनिटं वाटलं.

प्र. आधीच्या वर्षीच्या चार्टवरचे कोडरचे शेरे वाचत होती. एका शेऱ्यात लिहिलेलं: ‘झटपट यादी, ओळ ४१ प्रमाणे.’ मग दुसऱ्यात. मग तिसऱ्यात, वेगळ्या कोडरच्या. तिने मला बोलावून यादी उघडली. ओळ ४१, पिवळ्या रंगात: ‘ॲड्रिनल नोड्यूल / मास / इन्सिडेंटलोमा / अडेनोमा: डी३५.०० (बाजू मिळाल्यास ०१, ०२).’

ती यादी मी केली आहे, २०२२ मध्ये. पिवळा रंगही माझाच.

का केली तेही आठवतंय. तेव्हा एका एंडोक्राइनच्या, म्हणजे हार्मोनच्या आजारांच्या, क्लिनिकचे ढीगभर चार्ट येत होते. तिथले डॉक्टर पहिल्या भेटीत नोड्यूल लिहायचे आणि चाचण्या झाल्यावर पुढच्या भेटीत अडेनोमा. नवी मुलं प्रत्येक चार्टला अडायची, तासाचं टार्गेट बुडायचं. मी म्हटलं, शेवटी अडेनोमाच होतोय ना, एका ओळीत घाला. त्या क्लिनिकपुरतं ते जवळजवळ खपून गेलं. मग ती यादी त्या क्लिनिकपुरती राहिली नाही. शेअर्ड फोल्डरमधली फाइल कुठल्या बॅचपर्यंत पोहोचते याचा हिशोब कोणी ठेवत नाही.

आणि कंसातली ती ‘बाजू मिळाल्यास’. त्यामुळे बाजू शोधणं ऐच्छिक झालं. आधी शून्य, मग वेळ असेल तर एक-दोन. वेळ कधीच नसतो.

प्र. काही बोलली नाही. मग म्हणाली, “ताई, मार्चमध्ये माझी ॲक्युरसी पंच्याण्णवच्या खाली गेली होती ना, ती याच चार्टमुळे. इन्सेन्टिव्ह गेला होता. तुम्हीच शिकवलं होतं म्हणून मी वादही घातला नव्हता.”

१६ सप्टेंबर, सोमवार

टीएलला सांगितलं. त्याची पहिली प्रतिक्रिया: “आधी आकडा काढ, मग बघू.” क्लायंटला जाणाऱ्या रिपोर्टमध्ये कारणाचा रकाना असतो. त्यात ‘कोडरची चूक’ आणि ‘प्रशिक्षण साहित्य’ असे दोन पर्याय आहेत. त्याचं बोट पहिल्यावर होतं. पहिला पर्याय स्वस्त पडतो, प्रत्येक कोडरला एक मेल गेला की झालं. मी दुसरा लिहायला लावला. तो म्हणाला, तुझ्या अप्रेझलवर येईल. येऊ दे म्हटलं, पण घरी येईपर्यंत पोटात खड्डा होता हेही खरं.

प्र.च्या मार्चच्या पैशांचं विचारलं. ती तिमाही बंद झालीय म्हणे.

१९ सप्टेंबर, गुरुवार

आता डावं-उजवं.

नव्यांना ॲड्रिनल शिकवताना मी फळ्यावर दोन मूत्रपिंडं काढते आणि उजव्यावर त्रिकोणी टोपी, डाव्यावर चंद्रकोर. ग्रंथींचे आकार खरोखर तसेच असतात. चंद्रकोर टिकली लावणाऱ्या मुली हे कधी विसरत नाहीत. फक्त एक अडचण: फळ्याकडे तोंड करून उभं राहिलं की रुग्णाचं डावं माझ्या उजव्या हाताला येतं. दर बॅचला कोणीतरी इथे पडतंच.

बहुतेक चार्टमध्ये बाजू होती. डॉक्टरच्या नोटमध्ये नसली तरी सीटीच्या रिपोर्टमध्ये. आणि ती तिथून घेता येते: ऑक्टोबर २०२१ पासूनच्या गाइडलाइनमध्ये स्पष्ट लिहिलंय की उपचार करणाऱ्या डॉक्टरने बाजू नोंदवली नसेल तर चार्टमधल्या दुसऱ्या क्लिनिशियनच्या नोंदीवरून घ्या. माझी यादी २०२२ ची. म्हणजे तो नियम तेव्हा होताच.

पण त्याच वाक्याला शेपूट आहे: नोंदींमध्ये विसंगती असेल तर डॉक्टरला विचारा. आज असा एक चार्ट अर्धा तास उघडा ठेवून बसले. सीटीच्या फाइंडिंग्जमध्ये ‘डाव्या ॲड्रिनलमध्ये १.९ सेंमी’, खाली इम्प्रेशनमध्ये, म्हणजे निष्कर्षात, ‘उजव्या ॲड्रिनलचा अडेनोमा’. डॉक्टरने इम्प्रेशन तसंच उचलून आपल्या नोटमध्ये चिकटवलंय. पुढच्या तीन भेटींत तीच ओळ, तोच स्वल्पविराम. म्हणजे मोजायला गेलं तर उजवीकडे चार मतं आणि डावीकडे एक. पण ती चार मतं एकाच माणसाच्या एका ओळीची झेरॉक्स आहेत.

प्र.ने क्वेरी लिहिली: ‘गाठ डावीकडे आहे ना?’ परत केली. असं विचारलं की डॉक्टर हो म्हणून मोकळा होतो. क्वेरीत दोन्ही नोंदी जशाच्या तशा द्यायच्या आणि पर्याय ठेवायचे: उजवी, डावी, दोन्ही, अन्य, सांगता येत नाही. आपल्याला काय वाटतं त्याचा वासही येता कामा नये. तिने तिसऱ्या खेपेला छान लिहिली. माझ्यापेक्षा कमी शब्दांत.

२३ सप्टेंबर, सोमवार

आज नुसत्या गाठी नव्हत्या, काम करणाऱ्या गाठी होत्या.

गाठ हार्मोन सोडते की नाही, यावर डी३५ बदलत नाही. निओप्लाझमच्या प्रकरणातच रहायचं आणि ती काय करते त्यासाठी एंडोक्राइनच्या प्रकरणातला जास्तीचा कोड लावायचा. पुस्तकात डी३५ खाली तशी सूचना छापलेली आहे. आमच्या चार्टमध्ये ती सूचना पाळलेली फार क्वचित.

कॉन सिंड्रोम, म्हणजे ॲल्डोस्टेरॉन जास्त सोडणारी गाठ, ई२६.०१. जेरोम कॉन यांनी १९५५ मध्ये ज्याचं वर्णन केलं तोच. त्याखाली ‘अडेनोमाही कोड करा’ अशी सूचना आहे. कोणता आधी, कोणता नंतर हे ती सूचना सांगत नाही. रुग्ण कशासाठी आलाय त्यावरून ठरवायचं. आणि त्या आजाराने आलेलं ब्लडप्रेशर असेल, डॉक्टरने तसा संबंध लिहिला असेल, तर साध्या ब्लडप्रेशरच्या आय१०ऐवजी आय१५.२. आमच्याकडे सगळीकडे आय१०. हात सवयीने तिथेच जातो.

एक चार्ट मात्र मी उद्याच्या बॅचला दाखवण्यासाठी राखून ठेवलाय. सीटीत नोड्यूल उजवीकडे. ब्लडप्रेशर चार गोळ्यांना दाद देत नाही, पोटॅशियम खाली. मग दोन्ही ॲड्रिनलच्या शिरांतून रक्त घेऊन ॲल्डोस्टेरॉन मोजलं, आणि निघालं डावीकडून. ऑपरेशन डावीकडचं. पॅथॉलॉजीत डाव्या ग्रंथीत छोटा अडेनोमा, सीटीत जो धड दिसलाही नव्हता, आणि सर्जनने डिस्चार्ज समरीत तो लिहिलाय. उजवीकडची नोड्यूल तशीच, काही न करणारी.

आमच्या कोडरने काय केलं? ‘अडेनोमा’ पॅथॉलॉजीतून, ‘उजवी’ सीटीतून, आणि डी३५.०१. दोन्ही माहिती चार्टमध्ये होती, दोन्ही खरी होती, जोडी चुकली. आता डी३५.०२, ई२६.०१, आय१५.२ आणि उजव्या नोड्यूलसाठी ई२७.८.

ऑपरेशनचा कोडही चुकला होता, आणि त्याबद्दल मी त्या मुलाला फार दोष देत नाही. निदानाच्या कोडमध्ये १ उजवी, २ डावी. ऑपरेशनच्या कोडांच्या यादीत, पीसीएसमध्ये, ॲड्रिनलसाठी २ डावी, ३ उजवी, आणि ४ दोन्ही. मूत्रपिंडाच्या टेबलमध्ये उजवं आधी, एंडोक्राइनच्या टेबलमध्ये डावं आधी. दुर्बिणीतून डावी ग्रंथी पूर्ण काढली तर ०जीटी२४झेडझेड. निदानात दोन्हीसाठी कोड नाही, ऑपरेशनमध्ये आहे. कोणत्या समितीत हे ठरलं त्यांनी एकदा रबाळे ते ऐरोली उभ्याने प्रवास करून दाखवावा.

कुशिंगचे, म्हणजे कॉर्टिसॉल जास्त होण्याचे, तीन होते. एका ठिकाणी डॉक्टरने ‘ॲड्रिनल अडेनोमामुळे कुशिंग डिसीज’ लिहिलंय. डिसीज म्हटलं की तो पिट्यूटरीचा, ई२४.०. ॲड्रिनलमुळे असेल तर सिंड्रोम, ई२४.८. एका शब्दासाठी क्वेरी गेली. डॉक्टर तिकडे कपाळाला हात लावत असेल.

२५ सप्टेंबर, बुधवार

तुफान पाऊस. संध्याकाळी सेंट्रल लाइन ठप्प, उद्या शाळांना सुट्टी. कॅब आलीच नाही. आठ चार्ट झाले. रात्री दीडला घरी, भिजलेल्या चपला दारात.

२७ सप्टेंबर, शुक्रवार

हे प्रकल्पातलं नाही, पण इथेच लिहून ठेवते.

आमच्या सोसायटीतल्या काकूंना मुतखड्याच्या दुखण्यासाठी ठाण्यातल्या एका रुग्णालयात प्लेन सीटी करायला सांगितलं होतं. खडा छोटासा निघाला, त्याबरोबर ॲड्रिनलची गाठही निघाली. सगळ्यांची अशीच निघते, दुसरंच काही शोधताना. इन्सिडेंटलोमा हे नावच त्यावरून. काकू रिपोर्ट घेऊन आल्या. “तू मेडिकलमध्ये आहेस ना, बघ गं.”

मी कितीदा सांगितलंय की मी मेडिकलमध्ये नाही, मी मेडिकलबद्दल लिहिलेलं वाचते. तरी रिपोर्ट हातात घेतला आणि सवयीने आधी वर, मग खाली पाहिलं. वर ‘लेफ्ट’. खाली इम्प्रेशनमध्ये ‘राइट’.

चार वर्षं मी हे अमेरिकेतल्या अनोळखी लोकांच्या कागदांवर बघतेय. काकूंच्या कागदावर बघताना हात गार पडले.

त्यांना एवढंच सांगितलं: ज्यांनी स्कॅन केला त्यांच्याकडेच परत जा, दोन ठिकाणी दोन बाजू आहेत असं दाखवा, आणि सुधारलेला रिपोर्ट छापून घ्या. कोणी पेनने खोडून सही करून देत असेल तर घेऊ नका. काकांना फोटोत दोन्ही ओळींवर गोल करून दिले.

काकूंचा प्रश्न वेगळाच होता. “साधीच आहे ना गं?”

रिपोर्टमध्ये ६ एचयू लिहिलं होतं. स. असती तर तिने लगेच सांगितलं असतं, आणि बहुधा बरोबर सांगितलं असतं. माझ्या जिभेवरही आलं होतं. मी म्हटलं, डॉक्टरांना विचारा, त्यांना ते सांगता येईल. काकूंना ते तुटक वाटलं असावं. चहा न घेता गेल्या.

३० सप्टेंबर, सोमवार

काकांचा फोन. रिपोर्ट बदलून मिळाला, गाठ डावीकडेच आहे. डॉक्टरांनी आता हार्मोनच्या चाचण्या सांगितल्यात: लघवीतलं की रक्तातलं मेटानेफ्रिन ते काकांना नीट आठवेना, आणि रात्री अकराला डेक्सामेथासोनची १ मिलीग्रॅमची गोळी घेऊन सकाळी आठला कॉर्टिसॉलसाठी रक्त. कॉर्टिसॉल १.८ किंवा खाली आलं तर ग्रंथी सांगितल्याप्रमाणे गप्प बसते असं समजतात. काकूंची शंका: अकराला गोळी म्हणजे तोवर जागं रहायचं का?

इन्शुरन्सच्या फॉर्मवर रुग्णालयाच्या डेस्कने डी३५.० लिहिलंय. आपल्याकडे जागतिक आरोग्य संघटनेचं आयसीडी-१० चालतं, त्यात बाजूचा आकडाच नाही. एक क्षण हेवा वाटला. मग आठवलं की अडेनोमा हा शब्द अजून कोणी लिहिलेला नाही. पण तो फॉर्म माझ्या टेबलावरचा नाही.

१ ऑक्टोबर, मंगळवार

नवं कोडचं वर्ष. एन्कोडर, म्हणजे कोड शोधायचं सॉफ्टवेअर, सकाळपासून हळू. स्थूलतेचे वर्गवार नवे कोड आलेत, ई६६.८११ पासून पुढे, शिवाय लिम्फोमा आटोक्यात आल्याचे. डी३५.० जसाच्या तसा. बरं झालं, आमच्या फेरतपासणीतलं काही पुन्हा करावं लागणार नाही.

४ ऑक्टोबर, शुक्रवार

कालपासून नवरात्र. आज ठरलेला रंग सोडून मी निळं घालून गेले, त्यावरून फ्लोअरवर बोलणी खाल्ली.

फिओक्रोमोसायटोमाचे पाच चार्ट मी शेवटी ठेवले होते. ॲड्रिनलच्या मज्जेतून निघणारी, ॲड्रेनलिनसारखी द्रव्यं सोडणारी गाठ. इंडेक्स तिला, घातक म्हटलं नसेल तर, सौम्यमध्ये नेतो: डी३५.०-, आणि जास्तीच्या स्रावासाठी ई२७.५. पण २०१७ च्या जागतिक आरोग्य संघटनेच्या वर्गीकरणाने तिच्यातला सौम्य-घातक हा भेदच काढून टाकला, कारण कोणतीही फिओ पुढे पसरू शकते. कॅन्सर नोंदणीवाले २०२१ पासून तिला घातक म्हणूनच मोजतात. म्हणजे एकाच दिवशी, एकाच रुग्णाची, एकच गाठ बिलाच्या कागदावर सौम्य आणि नोंदणीच्या वहीत घातक.

स.ने विचारलं, “मग खरं कोणतं?” मी म्हटलं, आपण बिलाच्या बाजूला बसतो. तिने नुसतं माझ्याकडे पाहिलं. या वेळी वाद घातला नाही, ते मला जास्त लागलं. पाचही चार्ट डॉक्टरने लिहिल्याप्रमाणे आणि इंडेक्सप्रमाणे केले, टीपेत तसं नोंदवून ठेवलं.

९ ऑक्टोबर, बुधवार

एक दिवस आधी संपलं.

३१२ पैकी १४१ चार्टमध्ये सौम्य गाठ खरोखर लिहिलेली होती आणि बाजूही चार्टमध्येच होती. आम्ही पान उलटलं नव्हतं. ११८ मध्ये गाठीला कोणी सौम्य म्हटलेलंच नव्हतं, ते ई२७.८ मध्ये गेले. फुलनेसवाला त्यातच. ११ नुसते ट्यूमर, डी४९.७. सहा जणांची ग्रंथी कधीच काढून झालीय आणि आम्ही दर भेटीला त्यांना अडेनोमा लावत होतो. ते आता झेड८६.०१८, पूर्वीच्या सौम्य गाठीचा इतिहास. २७ क्वेरीत अडकलेत. आणि नऊ चार्टमध्ये बाजू खरोखर कुठेच नाही, तिथे डी३५.०० तसाच ठेवला.

१९ तारखेच्या क्वेरीचं उत्तर आज आलं. डावी.

टीएलने रिपोर्ट पाठवला, कारणाच्या रकान्यात ‘प्रशिक्षण साहित्य’. प्र.च्या मार्चच्या पैशांचं एचआरला मी लेखी विचारलंय, टीएलला सीसीत ठेवून. उत्तर नाही.

शिफ्ट संपताना झटपट यादी उघडली आणि ओळ ४१ पुन्हा लिहिली. डॉक्टरने अडेनोमा किंवा सौम्य गाठ असं लिहिलं असेल तरच डी३५.०-. नोड्यूल, मास, लीजन असेल तर ई२७.८. इन्सिडेंटलोमा हा शब्द गाठ कशी सापडली ते सांगतो, काय आहे ते नाही. पूर्ण चार्ट वाचा, नाहीच कळलं तर क्वेरी. बाजू आधी शोधा, रेडिओलॉजीपर्यंत जा. हार्मोनबद्दल काही लिहिलंय का बघा.

प्र.ला वाचायला दिलं. ती म्हणाली, बाजू दोन ठिकाणी दोन निघाली तर काय करायचं ते राहिलं. तिनेच बसून घातलं. ओळ ४१ आता पडद्यावर सहा ओळी घेते.

“ताई, मग हिला झटपट यादी म्हणू नका,” म्हणाली.

फाइलचं नाव अजून बदललेलं नाही. पिवळा रंग तेवढा काढला.